टेप चालू असलेलं घर

[जुनं कृष्णधवल चित्रण. एड सलिव्हन शोचा मंच. टाळ्या.]

साठच्या दशकातली अमेरिका. रविवारी रात्री आठ वाजले की घराघरात टीव्हीवर एड सलिव्हनचा गाणी-विनोदाचा कार्यक्रम लागायचा. प्रक्षेपण थेट. त्यामुळे विनोद पडला, तर तो अख्ख्या देशासमोर पडायचा.

या मंचावर एक नवरा-बायको यायचे. जेरी स्टिलर आणि अॅन मिअरा. ते बुटके, ब्रुकलिनचे ज्यू. त्या चांगल्या उंच, आयरिश कॅथलिक. लग्न १९५४ सालचं. घरात जे होतं तेच त्यांनी मंचावर आणलं. त्यांची गाजलेली पात्रं म्हणजे हर्शी हॉरोविट्झ आणि मेरी एलिझाबेथ डॉयल. दोघांची गाठ संगणकाने घालून दिलेली. राहतात एकाच गल्लीत, पण याच्या ओळखीचं कुणी तिला माहीत नाही आणि तिच्या ओळखीचं त्याला. सलिव्हन स्वतः आयरिश कॅथलिक, त्यांची पत्नी ज्यू. हा विनोद त्यांना का भावला असेल, हे वेगळं सांगायला नको. या जोडीला त्यांनी ३६ वेळा बोलावलं.

[मॅनहॅटन. रिव्हरसाइड ड्राइव्ह. इमारतींच्या रांगा, पलीकडे हडसन नदी.]

जोडीच्या तालमी घरीच चालत. मुलं दोन: मोठी एमी आणि धाकटा बेन, म्हणजे पुढे हॉलिवूडचा नट आणि दिग्दर्शक झालेला बेन स्टिलर. आतल्या खोलीतून आवाज चढले की मुलांना प्रश्न पडायचा: हे भांडताहेत, की प्रवेश बसवताहेत? बऱ्याचदा दोन्ही. जेरी एकेक वाक्य घासूनपुसून पाठ करणारे. अॅन उपजत विनोदी, तोंडातून वाक्य निघालं की हशा, आणि तीच तालीम पुन्हा पुन्हा केली की वैतागणाऱ्या.

जेरींना आणखी एक खोड होती. ते सगळं टेप करायचे. प्रवेशांची जुळवाजुळव, गप्पा, कुरबुरी, मुलांची बडबड. टेपांवर टेपा साठत गेल्या आणि त्यांनी त्या जपून ठेवल्या.

[ध्वनी: जुन्या टेपची खरखर.]

बेन स्टिलरचा जन्म ३० नोव्हेंबर १९६५चा. सहा वर्षांचा असताना आई-वडिलांबरोबर तो माइक डग्लसच्या टीव्ही कार्यक्रमाच्या सेटवर होता. अभिनयातलं पहिलं काम मिळालं ते आईच्याच मालिकेत, ‘केट मॅकशेन’मध्ये. १९८६ साली ब्रॉडवेवर ‘द हाउस ऑफ ब्ल्यू लीव्ज’ पुन्हा रंगभूमीवर आलं, त्यात बेनला भूमिका मिळाली. १९७१च्या मूळ प्रयोगात त्याच नाटकात आई होती. तेव्हा घराण्याचा फायदा झाला का, या प्रश्नावर फार काथ्याकूट करण्यात अर्थ नाही. झाला. दार उघडंच होतं.

आम्हाला त्याच्या पुढचा भाग जास्त रंजक वाटतो. नाटकाचे प्रयोग चालू असतानाच बेनने सहकलाकारांना गोळा करून एक छोटी विडंबन-फिल्म बनवली. ‘सॅटर्डे नाइट लाइव्ह’ या थेट प्रक्षेपित विनोदी टीव्ही कार्यक्रमाने ती घेतली. १९८९मध्ये त्याच कार्यक्रमात त्याला नोकरीही मिळाली. कुणीही उडी मारून स्वीकारावी अशी. आणि हा पठ्ठ्या चार भागांत बाहेर! त्याला छोट्या फिल्म बनवायच्या होत्या, आणि तिथे ते जमेना. मंचावर उभं राहून थेट प्रेक्षकांना हसवणं हे आई-वडिलांचं बळ होतं. मुलाचा जीव रमत होता कॅमेऱ्यामागे आणि संकलनाच्या टेबलावर, जिथे पडलेला विनोद कापून टाकता येतो.

१९९२मध्ये फॉक्स वाहिनीवर ‘द बेन स्टिलर शो’ आला. बारा भाग दाखवून वाहिनीने तो गुंडाळला. आणि त्यानंतर, म्हणजे कार्यक्रम बंद पडल्यावर, त्याच्या लेखनाला ‘एमी’ हा टीव्हीतला मानाचा पुरस्कार मिळाला. टीव्हीच्या धंद्यात असंही होतं.

पुढचा सगळा प्रवास ठाऊक असलेला. ‘रिअॅलिटी बाइट्स’चं दिग्दर्शन, मग ‘देअर्स समथिंग अबाउट मेरी’, ‘मीट द पेरेंट्स’. ‘झूलँडर’मध्ये तर घरचंच कार्य: दिग्दर्शक आणि नायक बेन, सोबत पत्नी क्रिस्टीन टेलर, वडील जेरी आणि छोट्याशा भूमिकेत आईसुद्धा. वडिलांची गाडीही मधल्या काळात पुन्हा रुळावर आली होती. हाती फारसं काम नसताना, पासष्टी उलटल्यावर, त्यांना ‘साइनफेल्ड’ या विनोदी मालिकेतला फ्रँक कोस्टान्झा मिळाला. आज अनेकांना जेरी स्टिलर म्हटलं की तो आरडाओरडा करणारा म्हाताराच आठवतो.

[कार्यालयाचा लांबलचक पांढरा बोळ.]

आता निर्माता बेन. त्याच्या कंपनीचं नाव ‘रेड अवर’. हे नाव त्याने ‘स्टार ट्रेक’च्या एका भागावरून उचललंय, माणूस त्या मालिकेचा जुना वेडा. निर्माता म्हणजे पैसे लावणारा शेठ, असा आपल्याकडे सर्रास समज असतो. तिकडे निर्मात्याचं मोठं काम असतं कुणाचं तरी लिखाण वाचणं आणि मग ते सोडून न देणं. डॅन एरिक्सन नावाचा एक नवखा लेखक दारांच्या कारखान्याच्या ऑफिसात नोकरी करायचा. कामाचे हे आठ तास आपल्या डोक्यातून पुसूनच टाकता आले तर, असं त्याला वाटायचं. त्यातून त्याने एक संहिता लिहिली आणि ती ‘रेड अवर’कडे आली. कंपनीने ती वर्षानुवर्षं लावून धरली. फेब्रुवारी २०२२मध्ये ती ‘सेव्हरन्स’ ही मालिका म्हणून पडद्यावर आली. बरेच भाग बेनने स्वतः दिग्दर्शित केले.

दुसरा हंगाम यायला जवळपास तीन वर्षं लागली. जानेवारी २०२५मध्ये, त्याच सुमारास, बेन आणि मालिकेचा नायक अॅडम स्कॉट यांनी माइक पुढ्यात घेतला. मालिकेचा एकेक भाग घ्यायचा आणि त्यावर बोलायचं, असा पॉडकास्ट. हल्ली अशा पॉडकास्टचं पीक आलंय, आणि खरं सांगायचं तर बहुतेक ठिकाणी एकमेकांची पाठ थोपटण्यापलीकडे काही घडत नाही. हाही शेवटी जाहिरातीचाच भाग. पण कान देऊन ऐकावं असं त्यात बरंच आहे. दुसऱ्या हंगामाच्या सुरुवातीला नायक बोळांमधून जीव तोडून धावतो. पडद्यावर दोनेक मिनिटांचा तो प्रसंग. तो पुरा व्हायला कित्येक महिने गेले. तुकड्यातुकड्यांत चित्रण, यंत्राच्या हाताला लावलेला कॅमेरा, आणि सांधे दिसू नयेत म्हणून केलेली खटपट. एकेक वाक्य घासणारे जेरी आठवावेत, असा हा प्रकार.

आणि जाहिरातीचं म्हणाल, तर तेही घरातलंच. सत्तरच्या दशकात स्टिलर आणि मिअरा जोडीने ‘ब्ल्यू नन’ या वाइनच्या रेडिओ जाहिराती केल्या. चेहरे नाहीत, मंच नाही, फक्त दोन आवाजांची जुगलबंदी. त्या तुफान चालल्या.

[रिकामं होत चाललेलं घर. खोकी, फोटो, टेपांचे डबे.]

अॅन २०१५मध्ये गेल्या, जेरी २०२०मध्ये. रिव्हरसाइड ड्राइव्हचं घर विकायला काढलं तेव्हा बेन आणि एमी सामान आवरायला बसले, आणि जेरींचा तो सगळा खजिना हाती लागला. त्यातून बेनने ‘स्टिलर अँड मिअरा: नथिंग इज लॉस्ट’ हा माहितीपट केला, ऑक्टोबर २०२५मध्ये तो प्रेक्षकांसमोर आला.

आई-वडिलांचं कौतुक करून मोकळं होता आलं असतं. पण टेपांमध्ये ताणही होता. अॅनना गंभीर भूमिका हव्या होत्या, विनोदी जोडीत त्यांचा जीव घुसमटत होता. सतत दौऱ्यावर असलेल्या आई-वडिलांची मुलांना वाटलेली उणीवही त्यात येते. मग बेन कॅमेरा स्वतःच्या मुलांकडे वळवतो. आपल्या आई-वडिलांबद्दल त्याची जी तक्रार होती, तीच मुलं त्याच्याबद्दल करतात: बाबा, तुमचं काम नेहमी आमच्या आधी असायचं. बेन ऐकून घेतो, मध्ये बोलत नाही. दिग्दर्शक तोच, निर्माताही तोच, त्यामुळे हा भाग काढून टाकायला त्याला कुणाची परवानगी लागली नसती. त्याने तो ठेवला.