राग्नार लोथब्रोक: मुलं सापडली, बाप सापडेना

(दृश्य: अंधारा खड्डा, ओले दगड. वरून मशालीचा उजेड पडतो, तेवढ्यापुरती खाली वळवळ दिसते.)

खड्ड्यात साप आहेत आणि सापांच्या मधोमध एक म्हातारा. इंग्लंडच्या उत्तरेतल्या नॉर्थम्ब्रियाचा राजा एला वरून विचारतोय, तू कोण? म्हातारा तोंड उघडत नाही. सापही त्याला तोंड लावत नाहीत, कारण त्याच्या अंगात बायकोनं दिलेला मंतरलेला सदरा आहे. शेवटी कुणाच्या तरी लक्षात येतं. सदरा ओरबाडून काढतात आणि मग साप चहूबाजूंनी डसतात. जाता जाता म्हातारा एवढंच म्हणतो: म्हाताऱ्या डुकराचे हाल कळले, तर पिल्लं काय गुरगुरतील!

पिल्लं म्हणजे त्याचे मुलगे. बिनहाडाचा ईवार, लोखंडी कुशीचा ब्यॉर्न, डोळ्यात साप घेऊन जन्मलेला सिगुर्ड. आणि हा म्हातारा राग्नार लोथब्रोक, व्हायकिंगांचा सगळ्यात गाजलेला वीर.

आइसलँडमध्ये १३ व्या शतकात लिहिलेली सागा त्याला असं मारते. सागा म्हणजे काय हे मराठी माणसाला फार समजावायला नको. बखर आठवा. घडलेलं, ऐकलेलं आणि असं घडायला हवं होतं असं वाटलेलं, तिन्ही एकाच दमात सांगायचं. वाचायला झकास, पण शपथेवर साक्षीला उभी करायची म्हटलं की पंचाईत.

पहिली पंचाईत सापांचीच. ब्रिटनमध्ये विषारी साप एकाच जातीचा, अ‍ॅडर. आपल्या घोणस-फुरशाच्याच कुळातला, पण दम बराच कमी. धडधाकट माणूस त्याच्या चाव्यातून बहुतेक वेळा वाचतो. शिवाय थंडीचे महिने तो बिळात पडून असतो. म्हणजे एलानं खड्डा भरण्याइतके साप आणले कुठून, हाच पहिला प्रश्न. उत्तर सोपं आहे: दुसऱ्या गोष्टीतून. राग्नारच्या कितीतरी आधीपासून गुन्नार नावाच्या राजाची कथा उत्तरेत सांगितली जात होती. त्याला आट्ली, म्हणजे हूणांचा अटिला, सापांच्या खड्ड्यात टाकतो. खड्डा तोच, साप तेच, फक्त आतला माणूस बदलला.

(दृश्य: खरखरीत लोकरीचं कापड, उकळत्या डांबरात बुडवलेलं. त्यावर मूठभर वाळू पडते.)

'लोथब्रोक' हे आडनाव नव्हे. अर्थ होतो केसाळ तुमान. आजच्या स्वीडनमधल्या योटलँडच्या सरदारानं आपल्या लेकीला, थोराला, एक छोटासा साप भेट दिला. तिनं तो पेटीत सोन्यावर ठेवला. साप वाढला, खालचं सोनंही वाढलं, आणि शेवटी तो तिच्या दालनाभोवतीच वेटोळं घालून बसला. रोज एक बैल खायचा. राग्नारनं केसाळ कापडाची तुमान आणि अंगरखा शिवून घेतला, डांबरात उकळला, वाळूत लोळला आणि भाल्यानं साप मारला. विषारी रक्त अंगावर उडालं, पण कपड्यातून आत गेलं नाही. डेन्मार्कचा इतिहासकार साक्सो १२०० च्या आसपास हीच हकीगत लिहितो, तेव्हा डांबर नाही. तिथे राग्नार पाण्यात बुडी मारतो आणि थंडीनं कपडे गोठवून घेतो. व्यक्तिशः मला साक्सोचा बर्फ पटतो, निदान कपडे जळायची भीती नाही.

नंतरच्या बायकोला राग्नार कोडं घालतो: ये, पण कपड्यांत नको आणि नागडीही नको, जेवून नको आणि उपाशी नको, एकटी नको आणि माणसाबरोबर नको. ती अंगाभोवती मासेमारीचं जाळं गुंडाळून येते, कांद्याच्या जातीची पात चाखून येते आणि सोबत कुत्रा आणते. हिरण्यकश्यपूचा वर ऐकत वाढलेल्या आपल्याला ही वीण लगेच ओळखू येते. अशा गोष्टींना देश नसतो आणि जन्मतारीखही नसते.

तेव्हा बखर जरा बाजूला ठेवू आणि त्या काळचे कागद उघडू.

(दृश्य: सेन नदी, पहाटेचं धुकं. प्रवाहाच्या उलट दिशेनं सरकणाऱ्या शिडांच्या सावल्या.)

सन ८४५, मार्च महिना. १२० जहाजं सेन नदीतून पॅरिसकडे वर येतायत. लॅटिनमध्ये लिहिणारे मठातले भिक्षू त्यांच्या म्होरक्याचं नाव देतात: रेगिनहेरी. त्यांच्या लेखणीतून उतरलेलं हे 'राग्नार'. समोर आहे पश्चिम फ्रँकांचा राजा, टकल्या चार्ल्स. चार्ल्स सैन्याचे दोन भाग करतो आणि नदीच्या दोन काठांवर एकेक उभा करतो. ज्याच्याकडे होड्या आहेत त्याच्यासमोर अशी फाळणी म्हणजे आयतं ताटच. व्हायकिंग एका तुकडीवर तुटून पडतात, १११ कैदी धरतात आणि फासावर लटकवतात, दुसऱ्या काठावरच्या तुकडीच्या डोळ्यांदेखत. ती तुकडी बघत राहते. मध्ये नदी आहे, दुसरं करणार तरी काय.

ईस्टरच्या सुमारास पॅरिस लुटलं गेलं. जा बाबांनो, म्हणून चार्ल्सनं ७,००० पौंड चांदी मोजली. आजच्या मापात अडीच टनांहून जास्त.

इथवर राग्नार शोभावा असाच हा माणूस. पण पुढचं पान उलटा. रेगिनहेरी डेन्मार्कला परत गेला, राजा होरिकच्या दरबारात लूट मांडली आणि पॅरिसच्या संत जर्मेनच्या मठाची एक तुळईही दाखवली. म्हणाला, त्या देशात माझ्याशी लढला तो एकच, तोही कधीच मेलेला एक म्हातारा. म्हणजे तो संत. आणि हे बोलता बोलताच कोसळला. अंग सुजलं आणि थोड्याच दिवसांत खेळ खलास. ही हकीगत मठाच्या लोकांनी लिहिली, त्यांना आपल्या संताचा महिमा वाढवायचा होता, त्यामुळे सूज किती आणि चमत्कार किती हे ज्याचं त्यानं ठरवावं. पण टोळीत रोगाची साथ पसरली होती आणि म्होरक्या दगावला, हे दुसऱ्या एका समकालीन नोंदीतही येतं.

आता तारखा जुळवा. रेगिनहेरी गेला ८४५ मध्ये, डेन्मार्कमध्ये, आजारानं. एला राजा झाला ८६० च्या दशकात. म्हणजे पॅरिस लुटणारा हा राग्नार एलाच्या खड्ड्यात पडायचा तर आधी कबरीतून उठायला हवा.

टीव्हीवरच्या मालिकेनं राग्नार घराघरांत पोचवला, तिथे तर तो ७९३ मध्ये इंग्लंडच्या लिंडिसफार्न बेटावरच्या मठावर झालेल्या हल्ल्यातही आहे. तेव्हा त्याला वीस वर्षांचा धरा. पॅरिसला तो ७२ वर्षांचा होतो. आणि मुलं सूड घ्यायला निघाली, तेव्हा ब्याण्णव!

मुलांचं मात्र तसं नाही. मुलं खरी आहेत.

(दृश्य: इंग्लंडचा पूर्व किनारा. चिखलात उमटलेले घोड्यांचे खूर.)

८६५ मध्ये पूर्व अँग्लियात एक फौज उतरली. लुटून परत जाणाऱ्यांतली नव्हे, मुक्कामाला आलेली. इंग्रज बखरकारांनी तिला 'थोरली फौज' म्हटलं. तिनं घोडे मिळवले, ८६६ च्या नोव्हेंबरात यॉर्क घेतलं आणि ८६७ च्या मार्चमध्ये शहर परत घ्यायला आलेला एला मारला गेला. सागा सांगते की त्याच्या पाठीतून बरगड्या उपसून 'रक्तगरुड' काढला. समकालीन इंग्रज नोंद फक्त म्हणते, लढाईत पडला. रक्तगरुडाचं मूळ ११ व्या शतकातल्या एका कवितेच्या ओळीत असावं. ईवारनं एलाच्या पाठीवर गरुड चिरला, असा तिचा अर्थ लागतो. पण प्रेत गरुडाच्या चोचीखाली दिलं, असाही लागतो. व्याकरण एवढं रक्त सांडू शकतं.

८६९ मध्ये पूर्व अँग्लियाचा राजा एडमंड मेला, तो पुढे संत झाला. फौजेच्या पुढाऱ्यांची नावं ईवार, हाल्फदान, उब्बा. आयर्लंडच्या नोंदवह्यांत ८७३ मध्ये एक ईवार मरतो, 'आयर्लंड आणि ब्रिटनमधल्या सगळ्या नॉर्समनांचा राजा', म्हणजे उत्तरेकडून आलेल्या व्हायकिंगांचा. ब्यॉर्न नावाचा म्होरक्या ८५८ मध्ये चार्ल्सपुढे निष्ठेची शपथ घेताना फ्रँकांच्या नोंदीत दिसतो.

एवढंच नाही, त्या फौजेची हाडंसुद्धा मिळाली आहेत.

(दृश्य: रेप्टनचं चर्च, शेजारी ट्रेंट नदीचं जुनं पात्र. कॅमेरा जमिनीलगत.)

इंग्लंडच्या मध्यभागातलं रेप्टन. थोरल्या फौजेनं ८७३-७४ चा हिवाळा इथे काढला. १९७४ पासून मार्टिन बिडल आणि बिर्थे क्योल्बी-बिडल या जोडप्यानं इथे खणलं. एका पडक्या समाधीत किमान २६४ माणसांची हाडं, त्यांतच ८७० च्या दशकातली पाच चांदीची नाणी. आणि चर्चच्या भिंतीजवळ एक कबर. पस्तीस-चाळिशीचा पुरुष, कमरेला तलवार, गळ्यात थोर नावाच्या त्यांच्या देवाचा हातोडा. कवटीवर वार, मांडीच्या हाडावर खोल चीर. दोन मांड्यांच्या मध्ये कुणीतरी रानडुकराचा सुळा ठेवलाय. त्या वारानं जे कापलं गेलं असावं, त्याच्या जागी. वालहाल्लात, म्हणजे वीरांच्या स्वर्गात, हा माणूस अर्धवट जाऊ नये, एवढी काळजी करणारं कुणीतरी त्या हिवाळ्यात इथे होतं. शेजारच्या कबरीत एक तरुण. डीएनएनं सांगितलं, दोघं बापलेक.

मधल्या काळात या हाडांवरून मोठा वाद पेटला होता. कार्बन कालमापनात समाधीतली काही हाडं फौजेच्या शंभर-दोनशे वर्षं आधीची निघाली. मग ही फौज कसली? गुंता सुटला तो माशांमुळे. समुद्रात मुरलेला कार्बन जुना असतो, म्हणून भरपूर मासे खाणाऱ्याचं हाड चाचणीत वयानं मोठं दिसतं. हा हिशेब धरून २०१८ मध्ये आकडे पुन्हा मांडले, तर सगळी ९ व्या शतकात नीट येऊन बसली. रोज मासळी खाणाऱ्या आपल्या कोकणातल्या मंडळींनी हे ध्यानात ठेवावं. पुढेमागे कुणी आपली हाडं उकरलीच, तर शिवकालीन ठरायचो.

समाधीच्या मध्यभागी कोण होतं? १७ व्या शतकात एका मजुराला तिथे दगडी पेटीत नऊ फुटी सांगाडा दिसल्याची हकीगत आहे, भोवती बाकीच्या हाडांचा गराडा. बिडल यांनी अंदाज बांधला, तो ईवारच असावा. सागाही सांगते की ईवार इंग्लंडमध्येच पुरला. मोह पडावा असा अंदाज आहे. सांगाडा मात्र आज जागेवर नाही.

थोडक्यात, मुलांचा ठावठिकाणा आहे आणि बापाचा नाही. पण आपला मुद्दा बापाचाच आहे, तेव्हा नावाकडे परत येऊ.

(दृश्य: वासराच्या कातड्याचं पान, तपकिरी शाई.)

थोरल्या फौजेच्या काळातली एकही नोंद या भावांच्या बापाला राग्नार म्हणत नाही. आयर्लंडची एक नोंद ईवारच्या बापाचं नाव गॉथफ्रिड देते. दोनशे वर्षं अशीच जातात. मग १०७० च्या सुमारास नॉर्मंडीचा एक भिक्षू, ज्युमिएजचा विल्यम, ब्यॉर्नच्या बापाचं नाव लिहितो: लोथब्रोक. पाचेक वर्षांनी जर्मनीत ब्रेमेनचा अ‍ॅडम ईवारला लोथब्रोकचा मुलगा म्हणतो. दोघांकडेही नुसता लोथब्रोक. राग्नार नाही.

दोन्ही नावांची गाठ बांधलेली पहिल्यांदा दिसते ती आइसलँडमध्ये, ११२० ते ११३० च्या दरम्यान. आरी थोर्गिल्सन आपल्या बेटाचा इतिहास लिहीत होता. वस्ती कधी सुरू झाली हे सांगायला त्याला एक खुंटा हवा होता, म्हणून त्यानं लिहिलं: राग्नार लोथब्रोकचा मुलगा ईवार यानं संत एडमंडला मारवलं त्या वेळी, ख्रिस्तजन्मानंतर ८७० वर्षांनी. जाता जाता, एका वाक्याच्या पोटात. त्यात आरी हा थापाड्या नव्हे. आइसलँडच्या राजधानीतले, रेकयाविकमधले, वस्तीचे सगळ्यात जुने अवशेष ज्या ज्वालामुखीच्या राखेच्या थरालगत सापडले, तो थर ८७० च्या दशकातलाच निघाला. तारीख बरोबर सांगणारा माणूस बापाचं नाव चुकवेल का?

माझ्या मते चुकवेल, आणि त्यात त्याचा दोषही नाही. तारखेला पंचांग लागतं, बापाला नुसती ऐकीव वंशावळ पुरते. मोठं घराणं उभं राहिलं की त्याला मोठा मूळपुरुष लागतोच. ईवार आणि हाल्फदान यांच्या पराक्रमाला साजेसा बाप शोधताना पॅरिस लुटणाऱ्या रेगिनहेरीचं नाव हाताशी होतं. लोथब्रोक हे टोपणनाव कुठल्या तरी दुसऱ्याच माणसाचं असावं. साक्सोनं तर त्याच राग्नारला डेन्मार्कच्या गादीवर हक्क सांगणाऱ्या हाराल्डशी झुंजवून होरिक राजाची कामगिरीही त्याच्या खात्यावर मांडली. इकडचे हात, तिकडचे पाय, गुन्नारचा खड्डा. इतर बाप मुलं जन्माला घालतात. या मुलांनी बाप जन्माला घातला.

(दृश्य: ऑर्कनी बेटं. हिरवा उंचवटा, त्यात शिरणारी बुटकी दगडी वाट.)

एक पुरावा मुद्दाम मागे ठेवला होता. स्कॉटलंडच्या उत्तरेला ऑर्कनीत मेसहाउ नावाची दगडी समाधी आहे, सुमारे ५,००० वर्षं जुनी. आत जायचं तर कंबरेत वाकूनच. १२ व्या शतकात काही नॉर्स मंडळी आत शिरली आणि भिंतींवर रून या आपल्या जुन्या लिपीत तीसेक ओळी कोरून गेली. गडावर गेलेली मंडळी कोरतात तशाच. इंगिगेर्थ ही सगळ्यांत सुंदर बाई आहे. समुद्राच्या पश्चिमेला रून कोरण्यात माझ्यासारखा कुणी नाही. एकानं तर नुसतं लिहिलंय की हे मी उंचावर कोरलं.

त्यांच्यातच एक ओळ आहे: ही टेकडी लोथब्रोकच्या टेकडीच्या आधी रचली. आणि पुढे: तिचे मुलगे, ते शूर होते.

तिचे.

कुणी म्हणतं, जुन्या नॉर्स भाषेत 'ब्रोक' हा शब्दच स्त्रीलिंगी, कोरणाऱ्यानं व्याकरण पाळलं. कुणी म्हणतं, लोथब्रोक मुळात बाई होती, कदाचित देवी, आणि राग्नारला ते नाव फार पुढे चिकटलं. हे कोरणाऱ्यानं आरीचं पुस्तक वाचलेलं नव्हतं, की वाचूनही पटलेलं नव्हतं? छिन्नीचे घाव सरळ आहेत. कुठे खाडाखोड नाही.

(दृश्य: तिरका उजेड भिंतीवरून सरकत त्या एका शब्दाशी येऊन थांबतो. पडदा काळा.)