शेकडा एकाहत्तर पैसे

(लातुरातल्या एका वाचनालयाच्या व्याख्यानमालेत झालेलं भाषण, बोलण्यातली पुनरुक्ती काढून)

मंडळी, नमस्कार. उकाडा आहे आणि पंखे दोनच चालू आहेत, त्यामुळं प्रस्तावना करत बसत नाही. मी जन्मभर ज्युनिअर कॉलेजात गणित शिकवलं. अर्थतज्ज्ञ वगैरे नाही. पण गृहकर्ज पूर्ण फेडलेला माणूस आहे, आणि ते फेडताना गणिताच्या मास्तरानं काय काय चुका केल्या, ते सांगायला आलोय.

माझे आजोबा औशाकडं शेती करायचे. व्याजाची त्यांची भाषा एकच, शेकडा. ‘शेकडा दोननं काढले’ म्हणजे शंभराला महिन्याला दोन रुपये, वर्षाचे चोवीस. मोंढ्यात, आडतीवर अजूनही हीच भाषा चालते. आता बँकेचा साडेआठ टक्के दर या भाषेत सांगून बघा. शंभराला महिन्याला एकाहत्तर पैसे. आजोबा म्हणाले असते, “आरं, फुकटच देतेत की!”

आपण सगळे मनातून तेच म्हणतो, आणि तिथंच गाडी चुकते. आजोबा कर्ज घ्यायचे पेरणीला आणि फेडायचे सुगीला. पीक बुडालं तर गोष्ट वेगळी, पण घेताना डोळ्यासमोर सहा-आठ महिनेच असायचे. आपण घेतो वीस वर्षांसाठी. एकाहत्तर पैसे खरे, पण ते २४० वेळा द्यायचे आहेत.

फळ्यावर आकडा लिहितो. कर्ज ३० लाख, दर साडेआठ, मुदत २० वर्षं. हप्ता येतो २६,०३५ रुपये. हा आकडा सगळ्यांना तोंडपाठ असतो, कारण बँकेतला माणूस तोच सांगतो आणि आपणही तोच विचारतो: ‘हप्ता किती बसंल?’ आता पहिला हप्ता फोडून बघा. ३० लाखांवर एका महिन्याचं व्याज २१,२५०. उरले ४,७८५. तेवढेच मुद्दलात गेले. तुम्ही छातीठोकपणे सव्वीस हजार भरले, घर तुमचं झालं पावणेपाच हजारांचं. एका खोलीची फरशीसुद्धा होत नाही त्यात.

दुसऱ्या महिन्यात मुद्दलाचा वाटा चौतीस रुपयांनी वाढतो. चौतीस! असं मुंगीच्या पावलानं चालत चालत हप्त्यातलं मुद्दल व्याजाच्या बरोबरीला कधी येतं? मी वर्गात विचारायचो तेव्हा मुलं सांगायची, दहाव्या वर्षी, म्हणजे मधोमध. नाही. ते घडतं बारावं वर्ष सरत आलेलं असताना. पाच वर्षं झाली तेव्हा तुम्ही १५ लाख ६२ हजार भरलेले असतात आणि मुद्दल उतरलेलं असतं साडेतीन लाखांच्या आसपास. दहा वर्षं झाली तेव्हा भरलेले असतात सव्वाएकतीस लाख, म्हणजे घेतलं त्याहून जास्त, आणि अजून देणं असतं २१ लाख. यात बँकेनं कुठलीही लबाडी केलेली नाही. बाकी रकमेवर दर महिन्याला व्याज, एवढा साधा हिशेब आहे. पण घर विकायला काढलेला माणूस दहाव्या वर्षी बाकीचा दाखला मागतो आणि आकडा बघून त्याला घाम फुटतो, तो यामुळं.

वीस वर्षांची बेरीज होते ६२ लाख ४८ हजार. व्याज ३२ लाख ४८ हजार.

आता एक जुना शब्द काढतो: दामदुपट. जुन्या हिंदू कायद्यात नियम होता की थकलेलं व्याज एका वेळी मुद्दलापेक्षा जास्त मागता येणार नाही. मुंबई इलाख्यातल्या इंग्रजांच्या कोर्टांनीही तो मानला. आता कुणी वकील बसले असतील तर हात वर करायच्या आत मीच सांगतो, तो नियम थकलेल्या व्याजाला होता, वेळच्या वेळी भरलेल्याला नव्हता, त्यामुळं बँकेच्या दारात जाऊन दामदुपट दामदुपट ओरडू नका. पण मोजपट्टी म्हणून मला तो फार आवडतो. व्याज मुद्दलाएवढं कोणत्या मुदतीला होतं, हे काढायचं. साडेआठ टक्क्यांना उत्तर येतं साधारण पावणेएकोणीस वर्षं. म्हणजे वीस वर्षांचं कर्ज घेतलं की दामदुपट झालीच म्हणून समजा. नऊ टक्क्यांनी तीस वर्षांचं घेतलं तर? २५ लाखांवर व्याज ४७ लाखांच्या पुढं जातं, मुद्दलाच्या जवळजवळ दुप्पट. तेच २५ लाख पंधरा वर्षांत फेडले तर व्याज २० लाख ६४ हजार. हप्त्यातला फरक किती? तीस वर्षांचा हप्ता २०,११६, पंधरा वर्षांचा २५,३५७. महिन्याला सव्वापाच हजार वाचवायला माणूस पंधरा वर्षं जास्त गुंततो.

इथं मला माझ्याच बोलण्याला थोडा लगाम घालायला पाहिजे. बेरजेनं घाबरवणं सोपं आहे, सगळे व्हिडिओवाले तेच करतात. विसाव्या वर्षी भरायचे २६ हजार आणि आजचे २६ हजार एक नाहीत. महागाई दरसाल पाच टक्के धरली तर विसाव्या वर्षाचा तो हप्ता आजच्या पावणेदहा-दहा हजारांच्या किमतीचा असेल. पगार वाढतो, हप्ता तोच राहतो. पहिल्या वर्षी गळ्याशी आलेला हप्ता पंधराव्या वर्षी खिशातून निघालेला कळतही नाही. म्हणून ६२ लाख हा आकडा भिंतीवर लावून रडत बसू नका. त्याचा उपयोग दोन मुदती शेजारी ठेवून तोलायला.

बरं, हे सगळं दर स्थिर राहिला तर. आणि माझं नाक कापलं गेलं ते इथंच.

२००५ साली मी सहा लाख काढले. एका गृहवित्त कंपनीकडून. नाव कशाला घ्यायचं. पावणेआठ टक्के, फ्लोटिंग म्हणजे बदलता दर, पंधरा वर्षं. हप्ता ५,६४८. दर महिन्याला पगारातून जायचा, मी निवांत. वर्षाला एकदा कंपनीचं पत्रक यायचं, ते मी न उघडता पिशवीत टाकायचो. वर्गात मात्र चक्रवाढ व्याज तावातावानं शिकवायचो! २००८ मध्ये इन्कम टॅक्सच्या कागदासाठी ती पिशवी उलटी केली. १८० पैकी ३६ हप्ते भरले होते, १४४ उरायला हवे होते. पत्रकावर उरलेले हप्ते अडीचशेच्या आसपास. मला वाटलं छपाईची चूक. मग खाली बारीक अक्षरात दर दिसला: साडेअकरा. दर वाढत गेला, त्यांनी हप्ता तसाच ठेवला आणि मुदत ताणली. मी निवृत्त झाल्यावरही काही वर्षं हप्ते चालू राहणार होते. बायको म्हणाली, “मुलांना गणित शिकवता नं तुम्ही?” त्या वाक्याला माझ्याकडं आजही उत्तर नाही.

ही जुनी गोष्ट म्हणून सोडून देऊ नका. २०२१ च्या अखेरीला पावणेसात टक्क्यांच्या आसपास गृहकर्ज मिळत होतं. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या नऊ-दहा महिन्यांत रिझर्व्ह बँकेनं रेपो दर, म्हणजे ती बँकांना ज्या दरानं पैसे देते तो, चारवरून साडेसहावर नेला. ऑक्टोबर २०१९ पासून बँकांची नवी फ्लोटिंग गृहकर्जं अशा बाहेरच्या दराला बांधलेली आहेत, त्यामुळं वाढ थेट कर्जदाराच्या अंगावर येते. माझा एक माजी विद्यार्थी, एमआयडीसीत नोकरीला. ३० लाखांचं कर्ज, हप्ता २२,८११. मला म्हणाला, “सर, हप्ता तेवढाच हाय, मग दर वाढला तर मला काय व्हायलंय?” त्याला तिथंच कागदावर दाखवलं. दीडेक वर्षात बाकी आली होती २८ लाख ९० हजारांवर. सव्वानऊ टक्क्यांनी तिचं महिन्याचं व्याज होतं २२ हजार २७७ च्या घरात. म्हणजे मुद्दलात जाणार पाचशे-साडेपाचशे रुपये. हप्ता न वाढवता हे कर्ज फेडायला चाळीस वर्षं लागतील. पोरगा कागदाकडं बघतच राहिला. त्यानं हप्ता वाढवून घेतला.

ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेनं यावर नियम काढला. दर बदलला की हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडं थोडं, हे कर्जदाराला विचारायचं. हप्ता निदान व्याजाएवढा तरी असलाच पाहिजे. चांगला नियम आहे. पण विचारणा येते मेसेजवर, आणि आपण मेसेज वाचत नाही. पिशवी गेली, मोबाइल आला, एवढाच फरक. २०२५ मध्ये रेपो खाली आला, वर्षअखेरीस सव्वापाचवर. तेव्हा तुमचा दर खाली आला का, हे किती जणांनी बघितलं? हात वर करा. चार. असो.

आता कर्जाच्या कागदावर न दिसणारा खर्च. ४० लाखांचा फ्लॅट धरा. महापालिका हद्दीत मुद्रांक शुल्क साधारण सहा टक्के, बाईच्या नावावर घेतलं तर एक टक्का सवलत. नोंदणी फी एक टक्का, पण जास्तीत जास्त ३० हजार. म्हणजे दोन लाख सत्तर हजार हे असेच गेले, आणि एवढ्या किमतीच्या घराला बँक हे पैसे कर्जात धरत नाही. बांधकाम चालू असलेला फ्लॅट असेल तर जीएसटी वेगळा: परवडणाऱ्या घराच्या व्याख्येत बसला तर एक टक्का, नाहीतर पाच. वर घराच्या किमतीतला आपला वाटा, त्याला मार्जिन मनी म्हणतात, इथं दहा लाख. हे पैसे कुठून येतात? थोडे पीएफमधून, थोडे पगारदार पतसंस्थेतून, थोडे सोनं ठेवून, थोडे साडूकडून. पतसंस्थेचा आणि सोन्याचा दर बँकेच्या वर असतो. म्हणजे बँकेचा हप्ता सव्वीस हजार, आणि घराचा खरा हप्ता पहिली चार वर्षं पस्तीस-चाळीस हजार. साडू व्याज घेत नाही, पण त्याची वसुली दुसऱ्या रीतीनं होते, ती तुम्हाला मी सांगायला नको.

विम्याचं थोडक्यात. कर्ज मंजूर होताना एकरकमी हप्त्याचा विमा पुढं करतात आणि त्याचे पैसे कर्जातच घालतात, म्हणजे विम्यावरही वीस वर्षं व्याज. त्याच रकमेचा साधा टर्म प्लॅन, म्हणजे ठरावीक मुदतीचा निव्वळ आयुर्विमा, बाहेर काय दरानं मिळतो, ते आधी विचारा. तो विमा तुमच्या जिवाचा, घराचा वेगळा. किल्लारी इथून किती लांब आहे? ३० सप्टेंबर १९९३ ची पहाट या सभागृहातल्या निम्म्या लोकांना आठवत असेल. तरी घराचा भूकंपासह विमा किती जणांनी काढलाय, हे मी विचारत नाही. आणि आपल्या गावात आणखी एक ओळ हिशेबात लिहावी लागते: पाणी. २०१६ ला मिरजेहून रेल्वेनं पाणी आलं होतं इथं. फ्लॅट बघायला जाल तेव्हा बोअर किती फुटांवर आहे आणि उन्हाळ्यात टँकरची वर्गणी किती पडते, हे बिल्डरला नव्हे, तिथल्या वॉचमनला विचारा.

टॅक्स वाचतो म्हणून कर्ज घ्या, असं सांगणारे पुष्कळ आहेत. नव्या करप्रणालीत, स्वतः राहत असलेल्या घराच्या व्याजाला वजावटच नाही. जुन्या प्रणालीतही दोन लाखांची मर्यादा आहे, आणि तीस टक्क्यांच्या पट्टीतला माणूससुद्धा रुपया व्याज देऊन तीस-एकतीस पैसेच वाचवतो.

मधल्या ओळीतल्या ताईंनी चिठ्ठी पाठवलीय: “शेतीचं उत्पन्न आहे, दर महिन्याला जास्त भरता येत नाही, काय करावं?” ताई, तुमचा प्रश्न पगारदाराच्या प्रश्नापेक्षा सोपा आहे. सोयाबीन दिवाळीच्या आसपास विकतं, उसाचं बिल पुढं कधीतरी येतं. त्यातले लाखभर रुपये थेट मुद्दलात भरा. फ्लोटिंग दराच्या गृहकर्जावर मुदतीआधी फेडीचा दंड लावायला बँकांना २०१२ पासून मनाई आहे. आपल्या ३० लाखांच्या उदाहरणात पहिलं वर्ष संपताना एक लाख जास्तीचा भरला तर शेवटचे अठरा हप्ते गळून पडतात. व्याज वाचतं तीन लाख सत्तर हजारांच्या आसपास. तोच लाख अठराव्या वर्षी भरला तर विशेष काही हाती लागत नाही. दरवर्षी एकच जादा हप्ता भरत गेलात तर वीस वर्षांचं कर्ज सोळा वर्षं आठ महिन्यांत संपतं. भरताना एक करा: अर्जावर स्पष्ट लिहा की हप्ता तोच ठेवा, मुदत कमी करा. नाहीतर काही ठिकाणी हप्ता कमी करून देतात, आणि तुम्ही खूष होऊन घरी येता.

पण सगळंच बँकेत ओतू नका. दवाखान्याला, पुढच्या पेरणीला हाताशी पैसा ठेवा. शेकडा एकाहत्तर पैशांचं कर्ज लवकर फेडलं आणि बियाण्याला शेकडा तीननं काढलं, असं करणारा माणूस माझ्या भावकीतच आहे.

माझं कर्ज संपलं २०१८ ला. अधेमधे पैसे भरत गेलो म्हणून तेवढ्यात सुटलो. मूळ खरेदीखत परत मिळवायला मला तीन महिने चकरा माराव्या लागल्या. आता डिसेंबर २०२३ पासून नियम आहे: कर्ज फिटल्यापासून तीस दिवसांत मूळ कागद द्यायचे, त्यांच्याकडून उशीर झाला तर दिवसाला पाच हजार रुपये कर्जदाराला द्यायचे. माझ्या वेळी असता तर फर्निचर निघालं असतं! कागद आणले, देवापुढं ठेवले, पेढे वाटले. दोन वर्षांनी शेजाऱ्याच्या कामासाठी नगर भूमापन कार्यालयात गेलो, सहज म्हणून आपल्याही घराचा उतारा काढला. ‘इतर भार’ या रकान्यात कंपनीचा सहा लाखांचा बोजा तसाच उभा. तो आपोआप उतरत नाही, ना हरकत दाखला जोडून अर्ज करावा लागतो. तो अर्ज मी त्याच दिवशी दिला, बाहेरच्या टपरीवर पेन मागून.