पडला, पण कुठून?

(मेडिकल रेकॉर्ड विभागातले कर्मचारी आणि इंटर्न यांच्यासमोर दिलेल्या व्याख्यानाचं संपादित शब्दांकन)

केसपेपरवर 'एच/ओ फॉल', म्हणजे 'हिस्टरी ऑफ फॉल', पेशंट पडला होता, एवढंच लिहिलेलं किती जणांनी पाहिलंय? बरं, हात खाली घ्या. सगळ्यांचेच वर आलेत.

मे महिन्यात, पावसाळ्याच्या तोंडावर, कुठल्याही कॅज्युअल्टीत जाऊन बसा. घर गळू नये म्हणून माणूस ताडपत्री घेऊन सिमेंटच्या पत्र्यावर चढतो. खिळ्यांच्या ओळीवरून चालायचं असतं, कारण खाली वासा तिथेच असतो. पाय जरा मधे पडला की पत्रा कडकन तुटतो आणि माणूस थेट खालच्या फरशीवर येतो. टाचेवर आपटला तर टाचेचं हाड फुटतं, तोच धक्का वर चढतो आणि कमरेचा मणका दबतो. म्हणून टाच मोडल्याचा चार्ट हातात आला की मी आधी मणक्याचा रिपोर्ट शोधते. आम्ही कोडर केसपेपर वाचून आयसीडी-१० या आजार-इजांच्या जागतिक यादीतला कोड देतो: टाचेला एस ९२.०, कमरेच्या मणक्याला एस ३२.०. काय मोडलं ते इथे संपलं. कसं मोडलं ते सांगणारा कोड वेगळा असतो, आयसीडी-१० च्या विसाव्या प्रकरणातला.

जिन्यावरून पडला तर डब्ल्यू १०, शिडीवरून ११, परांचीवरून १२, इमारतीवरून १३. नारळ उतरवताना झाडावरून पडला तर १४. आणि काहीच माहीत नसेल तर १९. हा १९ म्हणजे आमच्या धंद्यातलं अडगळीचं कपाट. 'एच/ओ फॉल' लिहिलेला प्रत्येक माणूस त्यात जातो.

इमारतीखाली आलेला प्रत्येक जण मात्र १३ मध्ये बसत नाही. ऑगस्ट २०२० मध्ये महाडला पाच मजली इमारत कोसळली. अशा वेळी माणूस इमारतीवरून पडत नाही, इमारत माणसावर पडते, म्हणून तो डब्ल्यू २०. आगीतून जीव वाचवायला उडी मारली तर कोड आगीचा. शिडीवरून पत्र्यावर जाताना पडला तर? मी मुलांना सांगते, पडला त्या क्षणी पाय कशावर होता ते शोधा.

आता एक खड्डा दाखवते, यात नवीन कोडर हमखास पडतो. पुण्यात किंवा नवी मुंबईत बसून अमेरिकेतल्या हॉस्पिटलचे चार्ट करणारे तुमच्यापैकी काही जण असतील. त्यांच्या आवृत्तीत, म्हणजे आयसीडी-१०-सीएममध्ये, डब्ल्यू १३ पुढचा आकडा कुठून पडला ते सांगतो: गॅलरी ०, पूल १, छप्पर २, फरशी खचून ३, खिडकी ४. पत्रा तुटून खाली आलेला आपला माणूस १३.२, पुढे दोन एक्स, आणि उपचार चालू असताना ए. जागतिक आरोग्य संघटनेच्या मूळ आयसीडी-१० मध्ये तोच चौथा आकडा अपघाताची जागा सांगतो. तिथे ० म्हणजे घर आणि २ म्हणजे शाळा किंवा सार्वजनिक संस्था. म्हणजे डब्ल्यू १३.२ अमेरिकेच्या चार्टवर छपरावरून पडलेला, आणि मूळ यादीत शाळेच्या इमारतीवरून पडलेला! कोणतं पुस्तक उघडलंय ते आधी बघा.

बिलाच्या दृष्टीने हा 'कसं मोडलं'चा कोड फारसा लाडका नाही. अमेरिकेत तो कधीच पहिल्या जागी येत नाही, आणि देशभर तो सक्तीचाही नाही. पण माणूस दगावला की उलटं होतं. मृत्यूच्या आकडेवारीत मूळ कारण म्हणून फुटलेली कवटी धरत नाहीत, पडणं धरतात. बिलात शेपटाला असलेला डब्ल्यू १३ तिथे डोक्यावर येतो.

याने कुणाचं काय भलं होतं, असं मला नेहमी विचारतात. न्यूयॉर्कमध्ये १९७० च्या दशकात मुलं खिडक्यांतून पडून मरत होती. कुठून पडली याची नोंद होत होती, म्हणून आरोग्य खात्याला ते दिसलं. १९७६ मध्ये तिथे नियम झाला, की लहान मूल राहतं त्या घराच्या खिडकीला मालकाने जाळी बसवायची. नुसतं 'पडलं' लिहिलं असतं तर खिडकी कुणाला दिसली असती?

हेतूचा भाग जरा नाजूक आहे. स्वतः उडी मारली तर एक्स ८०, कुणी ढकललं तर वाय ०१, ठरवता येत नसेल तर वाय ३०. अमेरिकेचा नियम असा, की कागदावर हेतूबद्दल काहीच नसेल तर अपघात धरायचा. 'ठरवता येत नाही' असं डॉक्टरांनी स्पष्ट लिहिलं तरच वाय ३०. मला हा नियम बोचतो. तरुण बाई रात्री दोन वाजता गॅलरीतून पडते, पेपरवर तीन शब्द असतात आणि आपण अपघात लिहून मोकळे होतो. पण तपास पोलिसांचा. आपल्या मनातला संशय कोडमध्ये टाकायचा नाही. फार तर डॉक्टरांना क्वेरी पाठवायची.

माझ्या पहिल्याच महिन्यातली गोष्ट. 'पडला' वाचलं आणि डब्ल्यू १९ देऊन टाकला. ऑडिटमध्ये चार्ट परत आला. नर्सने स्वच्छ लिहिलं होतं, गळती बंद करताना छपरावरून घसरला. मी ते पानच उलटलं नव्हतं.

आता पाच केसपेपर वाटते, नावं काढून टाकलेत. तिसऱ्यावर डॉक्टरांनी फक्त 'फॉल' लिहिलंय. त्याला १९ देण्याआधी मागे जोडलेल्या नर्सिंग नोट्स वाचा.