पुस्तकातल्या माणसाने केलेलं ऍफिडेव्हिट

आत्ता स्क्रीनवर जे पान दिसतंय, मधोमध एक मूठ, मुठीवर डोळे झाकलेला ससाणा आणि खाली साल १६०५, ते माद्रिदच्या हुआन दे ला क्वेस्ताच्या छापखान्यातून निघालेलं, सर्व्हांतेस या स्पॅनिश लेखकाच्या 'डॉन किहोते' कादंबरीचं मुखपृष्ठ. गोष्ट न वाचताही बहुतेकांना माहीत असते, शूर सरदारांच्या कादंबऱ्या वाचून वाचून डोकं फिरलेला, स्पेनच्या ला मांचा भागातला एक उतारवयाचा माणूस, पणजोबांच्या काळातलं चिलखत, मरतुकडा घोडा, पवनचक्क्यांशी मारामारी वगैरे. पवनचक्क्या आज आपण सोडून देऊ, त्या सगळेच दाखवतात. खरी भानगड वेगळीच आहे, या पुस्तकातल्या जगात हेच पुस्तक छापून आलंय, तिथल्या लोकांनी ते वाचलंय आणि आता त्यावरून वाद चाललेत.

सुरुवात आठव्या प्रकरणात होते. किहोते आणि त्याच्याशी भिडलेला एकजण, दोघांच्या तलवारी उपसलेल्या, आता वार पडणार, आणि लेखक म्हणतो, इथपर्यंतच कागद होते, पुढचं काही सापडत नाही. मग नवव्या प्रकरणात तोच टोलेडोच्या बाजारात फिरतोय, एक पोरगा रेशीमवाल्याला जुन्या वह्या विकतोय, त्यातली एक अरबी, वाचून दाखवायला माणूस गाठला तर तो समासातलं काहीतरी वाचून हसतच सुटला, कारण तिथे लिहिलेलं की डुल्सिनिया डुकराचं मांस खारवण्यात अख्ख्या ला मांचात एक नंबर. डुल्सिनिया म्हणजे किहोतेची स्वप्नसुंदरी हां! तर उरलेली गोष्ट म्हणे या वहीतली, लिहिणारा सिदे हामेते बेनेंगेली नावाचा अरब इतिहासकार, आणि भाषांतराची मजुरी म्हणून मनुका आणि गहू. अर्थात अरबही सर्व्हांतेसनेच बनवलेला आणि वहीसुद्धा.

आता १६१५, दुसरा भाग. गावातला एक शिकलेला पोरगा, सान्सोन कार्रास्को, घरी येऊन किहोतेला सांगतो की काका, तुमच्यावर पुस्तक आलंय, बारा हजारांच्या वर प्रती छापून झाल्यात. किहोतेचा नोकर सांचो पांझा तर घाबरून छातीवर क्रूस काढतो, आम्ही दोघंच असताना बोललेलं या माणसाला कळलं कसं? लव-कुशांनी रामासमोर रामायण गायलेलं आपण लहानपणापासून ऐकतो, त्यामुळे आपल्याला याचं फार नवल वाटत नाही, पण रामाने काही प्रूफं तपासली नाहीत ना! इथे तेही होतं. पहिल्या भागात सांचोचं गाढव चोरीला जातं आणि ते परत मिळायच्या आधीच तो पुन्हा त्याच गाढवावर बसलेला दिसतो, सर्व्हांतेसची किंवा छापखान्याची ढळढळीत चूक, वाचकांनी पकडलेली. त्याबद्दल थेट सांचोलाच विचारतात. तो म्हणतो, मला काय माहीत, इतिहासकार चुकला असेल नाहीतर छापणाऱ्याचा हलगर्जीपणा.

पुढे एक ड्यूक आणि डचेस भेटतात, दोघंही पहिल्या भागाचे फॅन. किहोतेने सांचोला बेट द्यायचं कबूल केलेलं हे त्यांना पाठ, म्हणून मस्करीत एक गाव 'बाराटारिया बेट' म्हणून त्याच्या हवाली करतात. तिथे गव्हर्नर सांचोसमोर केस येते. एका पुलाचा कायदा असा की ओलांडणाऱ्याने कुठे आणि कशाला चाललोय ते शपथेवर सांगायचं, खरं असलं तर सोडायचं, खोटं असलं तर फाशी. एकजण येऊन सांगतो, मी त्या समोरच्या फाशीवर मरायला चाललोय. फाशी दिली तर तो खरं बोलला, सोडला तर खोटं. सांचो आधी म्हणतो, खरा अर्धा सोडा, खोटा अर्धा लटकवा. मग त्यात अख्खा माणूस मरतो हे लक्षात आणून दिल्यावर म्हणतो, दोन्ही पारडी सारखीच आहेत ना, मग सोडून द्या, तेवढंच पुण्य. लॉजिकवाल्यांना हा प्रसंग भारी आवडतो. मला विचाराल तर खरी कमाल याच्याही पुढे आहे.

कारण मधल्या काळात, १६१४ मध्ये, आवेयानेदा असं नाव लावून कोणीतरी नकली दुसरा भाग छापून मोकळा झालेला. हा माणूस नेमका कोण ते आजवर ठरलेलं नाही. वर त्याने सर्व्हांतेसला म्हातारा आणि थोटा म्हणून हिणवलं, डावा हात निकामी झालेला १५७१ च्या लेपांतोच्या लढाईत. सर्व्हांतेसने प्रस्तावनेत उत्तर दिलंच, पण गोष्टीतही ते पुस्तक आणून ठेवलं. खाणावळीत किहोतेला पातळ भिंतीपलीकडून कोणीतरी ते वाचत असल्याचं ऐकू येतं, तो हातात घेऊन चाळतो आणि भडकतो, सांचोच्या बायकोचं नावसुद्धा चुकवलंय, मारी गुतिएरेस म्हणे! (हे नाव पहिल्या भागात सर्व्हांतेसनेच वापरलेलं, पण ते सोडा.) नकली किहोते सारागोसाला गेला असं कळल्यावर हा हट्टाने बार्सिलोनाला जातो, का तर तो लेखक खोटा पडावा. तिथे छापखाना बघायला शिरतो, तर आत त्याच नकली पुस्तकाची प्रूफं तपासणं चालू.

आणि मग परतीच्या वाटेवर भेटतो आल्वारो तार्फे. हा नकली पुस्तकातला माणूस, दुसऱ्याच लेखकाने जन्माला घातलेला, आणि इथे खुशाल खाणावळीत बसलाय. तो सांगतो, किहोते ना, ओळखतो की, त्याला मी टोलेडोच्या वेड्यांच्या इस्पितळात ठेवून आलोय. तेवढ्यात गावचा आल्काल्दे, म्हणजे मुख्य अधिकारी, नोटरीला घेऊन तिथे येतो, आणि किहोते रीतसर अर्ज करतो की या गृहस्थांचा जबाब लिहून घ्या, समोर उभा आहे तो त्या पुस्तकात छापलेला किहोते नाही. सगळ्या कायदेशीर भाषेत लिहून होतं, तार्फे जबाब देतो, आणि मालक-नोकर दोघं असे खुश होतात की जसं काही या कागदावाचून त्यांचं अडलेलंच. सर्व्हांतेसने सरकारी वसुलीची नोकरी केलेली, हिशोबाच्या घोळात सेव्हिलच्या तुरुंगात बसलेला, कागदाचं वजन त्याला चांगलं ठाऊक होतं.

शेवटी किहोते अंथरुणाला खिळतो, वेड उतरतं, मृत्युपत्र करतो. त्यात एक कलम असं की तो नकली लेखक कधी भेटलाच तर माझ्यातर्फे त्याची माफी मागा, एवढा मूर्खपणा लिहायला मी नकळत निमित्त झालो. मग तो जातो, आणि पाद्री नोटरीला लगेच सांगतो की हा नैसर्गिक मरणाने गेला असा दाखला लिहून द्या, नाहीतर उद्या दुसरा कोणी लेखक याला उठवून परत फिरवायला नेईल.