ई-टाइपचे दिवे

नमस्कार श्रोतेहो. जग्वार ई-टाइप ही जुनी इंग्लिश स्पोर्ट्स कार तीन मालिकांत निघाली. ती समोर आली की कुठल्या मालिकेतली हे ओळखायला आधी दिवे बघा. पुढच्या दिव्यांवर काचेचं झाकण असलं, तर गाडी पहिल्या मालिकेतली. झाकण असलं की पहिली, एवढं लक्षात ठेवा.

आणि पहिली म्हटली की मला जिनिव्हा आठवतं. मार्च 1961. तिथल्या प्रदर्शनात ई-टाइपचं पहिलं दर्शन व्हायचं होतं. जग्वारचे जनसंपर्क अधिकारी बॉब बेरी इंग्लंडातल्या कॉव्हेंट्रीहून, म्हणजे कारखान्याच्या गावाहून, करड्या रंगाची, बंद छपराची गाडी स्वतः चालवत निघाले आणि अगदी ऐन वेळी पोचले. बघ्यांची ही झुंबड! जो तो म्हणे, मला एक चक्कर मारून आणा. एक गाडी पुरणार किती? कंपनीचे मालक विल्यम लायन्स यांनी कॉव्हेंट्रीला निरोप धाडला, उद्या सकाळपर्यंत दुसरी गाडी हवी. तिकडे चाचणीचालक नॉर्मन ड्यूइस उघड्या टपाच्या गाडीची चाचणी घेत होते. हातातलं काम टाकून निघाले. आधी डोव्हरची बोट गाठायची, मग अख्खा फ्रान्स रातोरात कापायचा. (आज कोपऱ्यावरच्या वाण्याकडे जायलासुद्धा लोक मोबाईलमधल्या बाईला रस्ता विचारतात. असो.) सकाळी ड्यूइस जिनिव्हात हजर! आणि रात्रभर धावलेली तीच गाडी लगेच लोकांना चकरा मारायला जुंपली. तिचा नंबर 77 आरडब्ल्यू. बेरींच्या गाडीचा 9600 एचपी.

अरे, वेळ संपत आला. तर 1964 साली इंजिन 3.8 लिटरचं 4.2 झालं. बाहेरून फरक कळत नाही, मागचं बोधचिन्ह वाचा. 3.8 ला पहिल्या गिअरला सिंक्रोमेश, म्हणजे गिअरचे दात न घासता जुळवून देणारी योजना, नव्हतं; घाईत टाकला की गुरगुरायचा. पुढे अमेरिकेच्या नियमांपायी काचेची झाकणं गेली. दिवे उघडे पण बाकी बरंचसं जुनंच, अशा गाडीला हौशी मंडळी ‘दीड’ म्हणतात. 1968 ची दुसरी मालिका ओळखायला मागे जा. मागचे दिवे बंपरच्या खाली आले. पुन्हा सांगतो, झाकण असलं तर पहिली, मागचे दिवे बंपरखाली गेले तर दुसरी.

पण तिसरीचेही दिवे बंपरखालीच. म्हणून शेवटी तोंड बघा. 1971 च्या तिसरीच्या तोंडाला जाळी आहे, वाघाला मुसकी बांधावी तशी. मला ती कधीच आवडली नाही. पण जाळी दिसली की बॉनेट उघडून सिलिंडर मोजायला नकोत, ते बाराच असतात.