सहा-शून्य : डॅनव्हिलच्या पोरांचा हंगाम

(दृश्य : कॉलेजच्या जुन्या पोस्टाची भिंत. भिंतीवर रंगवलेलं एक सूत्र.)

सी सहा, एच शून्य.

बारावीला विज्ञान घेतलेल्यांना हे लगेच खटकेल. सहा कार्बन, सहा हायड्रोजन म्हणजे बेंझीन, हे आपण घोकलेलं असतं. पण सहा कार्बन आणि हायड्रोजन शून्य? पुस्तकात असं सूत्र सापडत नाही. म्हणून इथली माणसं याला ‘अशक्य सूत्र’ म्हणतात. सी म्हणजे सेंटर कॉलेज, एच म्हणजे हार्वर्ड. आणि आकडे आहेत २९ ऑक्टोबर १९२१ च्या फुटबॉल मॅचचे.

भिंतीवर एकच मॅच आहे. त्या हंगामात ही टीम अकरा मॅच खेळली होती. अकराव्या मॅचशिवाय ही गोष्ट सांगितली जाते तेव्हा मला ती अर्धवट वाटते. म्हणून आज तिथपर्यंत जाऊ.

(दृश्य : डॅनव्हिल गाव. झाडांमधून जाणारा रस्ता, कॉलेजची जुनी इमारत.)

अमेरिकेच्या केंटकी राज्यातलं डॅनव्हिल. तालुक्याचं असावं तेवढं गाव. इथलं सेंटर कॉलेज १८१९ सालचं. १९२१ मध्ये तिथे शिकणारी मुलं होती तीनशेहून कमी.

आणि फुटबॉल म्हणजे आपला पायाने खेळायचा फुटबॉल नव्हे. दोन्ही टोकांना निमुळता चेंडू, हातात घेऊन पळायचा नाहीतर फेकायचा. चार प्रयत्नांत दहा यार्ड पुढे सरकायचं. जमलं नाही तर चेंडू समोरच्यांचा. शेवटची रेघ ओलांडली की टचडाउन, त्याचे सहा गुण. वर किक मारून आणखी एक मिळवता येतो. त्या काळी तीच अकरा पोरं चढाईही करायची आणि बचावही. ज्यांच्याकडे दमदार बदली खेळाडूंची रांग असायची, त्यांचं फावायचं. तीनशे मुलांच्या कॉलेजात कसली आलीय रांग!

(दृश्य : जुना कृष्णधवल फोटो. चामड्याच्या टोप्या हातात धरलेली टीम.)

ही टीम जमली कशी, ते जरा सविस्तर सांगायला हवं.

टेक्ससमधल्या फोर्ट वर्थ शहरात नॉर्थ साइड हायस्कूल नावाची शाळा होती. तिथे रॉबर्ट मायर्स मुलांना फुटबॉल शिकवायचे. मायर्स स्वतः सेंटरचे माजी विद्यार्थी. शाळेतल्या या पोरांना एक दिवस आपल्या कॉलेजात न्यायचं, हे त्यांनी मनाशी धरलं होतं. त्या पोरांत एक होता ॲल्विन मॅकमिलिन. सगळे त्याला ‘बो’ म्हणायचे. घरची गरिबी, अंगात वारा. दुसरा रेड वीव्हर, तिसरा मॅडिसन बेल. कॉलेज प्रवेशापुरता अभ्यास झालेला नव्हता, म्हणून बो आणि वीव्हर आधी केंटकीतल्याच सॉमरसेटच्या शाळेत बसले आणि मग सेंटरला आले.

ही पोरं फुटबॉलसाठीच आणली होती. त्यावर पांघरूण घालायचं कारण नाही. तेव्हाच्या अमेरिकेत अनेक कॉलेजं हेच करत होती. पण फुटबॉल नसता, तर फोर्ट वर्थच्या या मुलांना कॉलेजचं दार कुणी उघडलं असतं, हाही विचार मनात येतोच.

१९१७ मध्ये मायर्स सेंटरचे कोच झाले. आणि मग त्यांनी जे केलं, त्याबद्दल मला या माणसाविषयी फार आदर वाटतो. चार्ली मोरान नावाचे एक गृहस्थ टीमचा सराव बघायला आले होते. त्यांचा मुलगा टीममध्ये होता. मोरान बेसबॉलच्या नॅशनल लीगमध्ये अंपायर होते आणि त्याआधी टेक्सस ए अँड एम या कॉलेजला त्यांनी सहा हंगाम फुटबॉल शिकवलेला होता. मायर्सनी ओळखलं, की खेळातलं या माणसाला आपल्यापेक्षा जास्त कळतं. इतक्या वर्षांचं स्वप्न हातात आलेलं असताना त्यांनी टीम मोरान यांच्या हवाली केली आणि स्वतः बाजूला राहून व्यवस्था बघायला लागले.

पोरं मोरानना ‘चार्ली काका’ म्हणायची. मॅचआधी सगळे गुडघे टेकून प्रार्थना करायचे. त्यावरून वर्तमानपत्रांनी टीमला नाव दिलं, ‘प्रेइंग कर्नल्स’, प्रार्थना करणारे कर्नल.

या फोटोत कृष्णवर्णीय चेहरा एकही नाही, हेही बघून ठेवा. १९०४ च्या ‘डे लॉ’ने केंटकीत गोऱ्या आणि काळ्या मुलांना एका वर्गात शिकवायला बंदी घातली होती. गावातल्या किती पोरांच्या पायात बो इतकाच वेग होता, हे आता कधीच कळणार नाही.

(दृश्य : हार्वर्ड स्टेडियम. नालेच्या आकाराच्या काँक्रीटच्या पायऱ्या.)

१९१९ चा हंगाम सेंटरने एकही मॅच न हरता काढला. बो आणि वीव्हर, दोघांनाही देशातल्या सर्वोत्तम अकरांत जागा मिळाली. डॅनव्हिलचं नाव थेट बोस्टनपर्यंत पोचलं आणि १९२० मध्ये हार्वर्डने मॅच दिली.

हार्वर्ड म्हणजे तेव्हा फुटबॉलमधलं मोठं घराणं. १९१९ आणि १९२० या दोन्ही हंगामांत ते एकदाही हरले नाहीत. १९२० च्या पहिल्या जानेवारीला कॅलिफोर्नियात जाऊन त्यांनी रोझ बोल ही नववर्षाची मानाची मॅच जिंकली होती.

पहिल्या वर्षी मध्यंतराला चौदा-चौदा अशी बरोबरी होती. मग हार्वर्डची ताज्या दमाची पोरं मैदानात येत राहिली आणि सेंटरच्या पायांतलं बळ सरलं. शेवट एकतीस-चौदा. मॅचनंतर हार्वर्डच्या कप्तानाने बोला मॅचचा चेंडू भेट म्हणून देऊ केला आणि बोने तो घेतला नाही, पुढच्या वर्षी येऊन जिंकून नेऊ म्हणाला, असं डॅनव्हिलमध्ये सांगतात.

(दृश्य : आगगाडी. १९२१ ची शरद ऋतूतली शेतं.)

१९२१. क्लेमसनला चौदा-शून्य. व्हर्जिनिया टेकला चौदा-शून्य. सेंट झेव्हियरला अठ्ठावीस-सहा. हे सहा गुण ध्यानात ठेवा. शेजारच्या ट्रान्सिल्व्हेनिया कॉलेजला अठ्ठ्याण्णव-शून्य.

मग पुन्हा बोस्टन.

चाळीस हजारांहून जास्त माणसं त्या पायऱ्यांवर बसली होती. डॅनव्हिलसारखी कितीतरी गावं त्या गर्दीत मावली असती. पहिला अर्धा भाग गेला, गुण कुणालाच नाही. गेल्या वर्षी याच सुमाराला सेंटरची धाप लागली होती.

दुसरा अर्धा सुरू होऊन दोनच मिनिटं होत आली होती. हार्वर्डची रेघ बत्तीस यार्डांवर. चेंडू बोच्या हातात आला. तो उजवीकडे पळाला, तशी हार्वर्डची फळी त्याच्या अंगावर त्याच बाजूला झुकली. तेवढ्यात त्याने अंग आवरलं आणि आत वळला. आपल्याकडे कबड्डीत चढाईवर गेलेला पोरगा एका कोपऱ्याला हूल देऊन दुसरीकडून निसटतो ना, अगदी तसं. फळी जिथे झुकली होती, तिथे आता बो नव्हता. पुढचे काही यार्ड तो एकटा होता.

टचडाउन. सहा गुण. वरची किक हुकली.

एक गुणसुद्धा हातचा राहिला नाही आणि जवळजवळ अर्धी मॅच बाकी होती. या मॅचमधलं मला सगळ्यात मोठं वाटतं ते हे. ती धाव काही सेकंदांत संपली. नंतर तीच दमलेली पोरं, ज्यांच्यावर गेल्या वर्षी याच वेळी सतरा गुण चढले होते, ती आपल्या रेघेसमोर उभी राहिली आणि हार्वर्डला त्यांनी रेघ ओलांडू दिली नाही. शेवटची शिट्टी झाली तेव्हा फलकावर सहा-शून्यच होतं. एमआयटीची मुलं सेंटरच्या बाजूने ओरडायला आली होती, त्यांनी गोलपोस्ट उपटले. १९५० मध्ये असोसिएटेड प्रेसने क्रीडापत्रकारांचा कौल घेतला, तेव्हा अर्ध्या शतकातला फुटबॉलमधला सर्वांत अनपेक्षित निकाल म्हणून हीच मॅच निवडली गेली.

डॅनव्हिलमध्ये त्या आठवड्यात जी मिळेल ती भिंत रंगली. सी सहा, एच शून्य.

(दृश्य : पुन्हा आगगाडी. नकाशावर सरकणारी रेघ.)

हंगाम मात्र संपला नव्हता. पुढच्याच शनिवारी केंटकी विद्यापीठाला पंचावन्न-शून्य. मग ऑबर्न, वॉशिंग्टन अँड ली, टुलेन. यांतल्या एकालाही एक गुण मिळाला नाही. नियमित हंगाम नऊ मॅचचा, नऊही जिंकल्या. या नऊ मॅचमध्ये सेंटरवर चढले ते झेव्हियरचे सहा गुण, बस.

नाताळात टीम पार पॅसिफिकच्या किनाऱ्यावर, सॅन डिएगोला गेली. २६ डिसेंबरला ॲरिझोनाला अडतीस-शून्य हरवलं. तिथून गाडी निघाली टेक्ससला. २ जानेवारी १९२२, डॅलस. समोर टेक्सस ए अँड एम, चार्ली काकांचं जुनं कॉलेज.

त्या दिवशी सकाळी फोर्ट वर्थमध्ये बोचं लग्न लागलं. मुलगी त्याच गावची, शाळेपासून ओळखीची. दुपारी नवरदेव मैदानात.

त्या दुपारी ए अँड एमची पोरं एकामागून एक जखमी होऊन बाहेर यायला लागली. बाकावरची माणसं सरत आली. त्यांचे कोच डॅना बायबल यांना आठवलं, की किंग गिल नावाचा एक मुलगा प्रेक्षकांत आहे. गिल बास्केटबॉल खेळायचा, फुटबॉलच्या चमूतून तो आधीच बाहेर पडला होता. त्या दिवशी तो वर पत्रकारांच्या कक्षात बसून बातमीदारांना खेळाडू ओळखून देत होता. बायबलनी त्याला खाली बोलावलं. गिलने पायऱ्यांखालच्या आडोशाला जाऊन एका जखमी खेळाडूचे कपडे अंगावर चढवले आणि मैदानाच्या कडेला येऊन उभा राहिला. मॅच संपेपर्यंत उभाच होता. त्याला आत जावं लागलं नाही.

ए अँड एम बावीस, सेंटर चौदा.

(दृश्य : टेक्सस ए अँड एमचं स्टेडियम. उभी गर्दी.)

ए अँड एमच्या आवारात आज किंग गिलचा पुतळा आहे. न खेळलेल्या खेळाडूचा. ‘बारावा माणूस’ म्हणतात त्याला. त्यांची मॅच असली की विद्यार्थी शेवटपर्यंत खाली बसत नाहीत. बोलावणं आलं तर आपणही तयार आहोत, हे दाखवायला. डॅनव्हिलच्या भिंतीवर बावीस-चौदा कुणी लिहिलं नाही, पण ती दुपार तिकडे अशी राहिली. आणि तीही याच हंगामातली.

बो पुढे कोच झाला. १९४५ मध्ये त्याच्या इंडियाना विद्यापीठाच्या टीमने एकही मॅच न हरता बिग टेन ही विद्यापीठांची स्पर्धा जिंकली. मॅडिसन बेलही कोच झाला आणि १९३५ ची आपली टीम त्याने रोझ बोलपर्यंत नेली. चार्ली काका १९३९ पर्यंत बेसबॉलच्या मैदानावर अंपायर म्हणून उभे राहिले.

(दृश्य : सेंटरचं मैदान. शनिवारची दुपार.)

सेंटर आज तिसऱ्या श्रेणीत खेळतं. या श्रेणीत खेळासाठी म्हणून शिष्यवृत्ती देता येत नाही. इथली मुलं शिकायला येतात आणि फुटबॉलही खेळतात. प्रेक्षकांत ओळखीचीच माणसं असतात.

त्यांच्यातच एक तसबीर असते. फ्रेड विन्सन यांची. सेंटरचे विद्यार्थी, पुढे १९४६ ते १९५३ अमेरिकेचे सरन्यायाधीश. ते गेल्यावर त्यांच्या विद्यार्थी-मंडळातल्या मुलांनी ही प्रथा पाडली. मॅचच्या दिवशी तसबीर भिंतीवरून काढायची, दोघातिघांनी मिळून मैदानावर आणायची आणि मॅच संपली की परत न्यायची. आजही शनिवारी फ्रेड मॅचला येतात.