'स्व' कुणाचा? स्वमूल्य या संज्ञेविषयी

मित्रहो, रेषीय बीजगणित शिकणाऱ्या प्रत्येकाला 'आयगेन व्हॅल्यू' हा शब्द भेटतो, आणि तो बहुतेक वेळा एका कृतीच्या रूपात भेटतो: मॅट्रिक्सच्या, म्हणजे ओळी-स्तंभांत मांडलेल्या संख्यांच्या चौकटीच्या, कर्णावरील संख्यांमधून लॅम्डा ही अज्ञात संख्या वजा करा, निश्चयक (त्या संख्यांपासून ठरावीक नियमाने निघणारी एक संख्या) काढा, तो शून्याबरोबर मांडा आणि येणारे समीकरण सोडवा. ही कृती पाठ झालेल्या विद्यार्थ्याला 'आयगेन म्हणजे काय' असे विचारले की तो पुन्हा तीच कृती सांगतो. मी अनेक वर्षे हा विषय शिकवत आलो आहे आणि माझे असे ठाम मत झाले आहे की, इथला गोंधळ गणिताचा कमी आणि शब्दाचा जास्त आहे. 'आयगेन' हा जर्मन शब्द असून त्याचा अर्थ 'स्वतःचा', 'खास आपला' असा आहे. म्हणून मी त्याला मराठीत स्वमूल्य म्हणतो आणि त्याच्या जोडीदाराला स्वसदिश म्हणतो (सदिश म्हणजे दिशा आणि लांबी असलेला बाण). 'लाक्षणिक मूल्य' असाही पर्याय आहे, त्याकडे मी नंतर येईन. मात्र 'स्व' म्हटल्याबरोबर एक प्रश्न उभा राहतो: हे मूल्य कुणाचे स्वतःचे? आजचे सगळे बोलणे या एका प्रश्नाभोवती आहे.

आधी एक उदाहरण अगदी जवळून पाहू. दोन ओळी आणि दोन स्तंभ असलेली एक मॅट्रिक्स घ्या. पहिल्या ओळीत २ आणि १, दुसऱ्या ओळीत १ आणि २. ही मॅट्रिक्स प्रतलातील प्रत्येक सदिशाला उचलून दुसरीकडे नेते: एकेका ओळीतील संख्यांना सदिशाच्या घटकांनी अनुक्रमे गुणून बेरीज केली की नवा एकेक घटक मिळतो. क्षैतिज अक्षावरचा (१, ०) हा सदिश घेतला तर तो (२, १) होतो. म्हणजे त्याची लांबी तर वाढतेच, पण तो वरच्या बाजूला कलतोही. उभ्या अक्षावरचा (०, १) हा सदिश (१, २) होतो आणि उजवीकडे झुकतो. आता (१, १) घ्या. तो (३, ३) होतो. लांबी तिप्पट झाली, पण ज्या रेषेवर तो होता तिच्यावरून तो जराही हलला नाही. तसेच (१, उणे १) घ्या, तो जसाच्या तसा (१, उणे १) राहतो. बाकी सगळे सदिश कलतात. दिशा न सोडणाऱ्या रेषा या दोनच. या रेषांवरचे सदिश हे या मॅट्रिक्सचे स्वसदिश, आणि त्यांची लांबी ज्या पटीत बदलली त्या ३ आणि १ या संख्या ही तिची स्वमूल्ये.

आता तोच (१, ०) हा सदिश, ज्याची दिशा टिकत नव्हती, तो पुन्हा पुन्हा या मॅट्रिक्समधून काढत राहू. पहिल्यांदा (२, १) मिळतो, मग (५, ४), मग (१४, १३), मग (४१, ४०), मग (१२२, १२१). दोन्ही घटकांचे गुणोत्तर १ च्या जवळ येत चालले आहे, म्हणजेच सदिश (१, १) च्या रेषेकडे ओढला जातो आहे. पहिल्या घटकाची वाढ पाहा: २ वरून ५ म्हणजे अडीचपट, ५ वरून १४ म्हणजे २.८ पट, १४ वरून ४१ म्हणजे सुमारे २.९३ पट. ही पट ३ कडे सरकत आहे. आपण निश्चयक काढला नाही, समीकरण मांडले नाही, तरी मॅट्रिक्सने आपले मोठे स्वमूल्य स्वतःहून उघड केले. याचे कारण असे की (१, ०) हा (१, १) आणि (१, उणे १) या दोहोंच्या बेरजेचा निम्मा आहे. प्रत्येक पायरीला त्यातला पहिला भाग तिप्पट होतो आणि दुसरा तसाच राहतो, त्यामुळे थोड्याच पायऱ्यांत पहिल्या भागापुढे दुसरा नगण्य ठरतो. वर्गात सर्वांत आधी ही आकडेमोड हाताने करून घ्यावी, निश्चयकाची पाळी नंतर येऊ द्यावी, असे मला मनापासून वाटते.

व्याख्या आता एका वाक्यात सांगता येते. एखाद्या रेषीय रूपांतराने (मॅट्रिक्स सदिशांवर करते तशा क्रियेने) एखाद्या शून्येतर सदिशाचे रूपांतर केल्यावर त्याच सदिशाची काही पट मिळत असेल, तर तो सदिश त्या रूपांतराचा स्वसदिश आणि ती पट हे त्या रूपांतराचे स्वमूल्य. 'शून्येतर' हा शब्द गाळून चालत नाही, कारण शून्य सदिशाची कोणतीही पट शून्यच असते, आणि त्याला प्रवेश दिला तर प्रत्येक संख्या प्रत्येक रूपांतराचे स्वमूल्य ठरेल. इथे विद्यार्थी उलट्या दिशेने फसतात. स्वसदिश शून्य असू शकत नाही हे लक्षात ठेवताना स्वमूल्यही शून्य असू शकत नाही असे ते धरून चालतात. स्वमूल्य शून्य असू शकते, आणि तसे असणे ही फार महत्त्वाची गोष्ट असते.

आता 'स्व' कुणाचा, याकडे येऊ. '(१, १) या सदिशाचे स्वमूल्य काय?' असा प्रश्न मी उत्तरपत्रिकांमध्येच नव्हे तर छापील प्रश्नसंचांमध्येही वाचला आहे. हा प्रश्न अपुरा आहे. सदिशाला स्वतःचे असे कोणतेही स्वमूल्य नसते. हाच (१, १) आपल्या मॅट्रिक्समध्ये तिप्पट झाला. दुसऱ्या एखाद्या मॅट्रिक्समध्ये तो निम्मा होईल आणि तिसरीत दिशाच बदलेल. त्यामुळे मूल्याची मालकी सदिशाकडे जात नाही.

मग ती मॅट्रिक्सकडे जाते का? व्यवहारात आपण 'मॅट्रिक्सची स्वमूल्ये' असेच म्हणतो आणि मीही आत्ता तसेच म्हणालो, पण त्यातही थोडी ढिलाई आहे. मॅट्रिक्स म्हणजे विशिष्ट अक्ष ठरवून केलेली संख्यांची मांडणी. अक्ष बदलले की मांडणी बदलते. आपल्या उदाहरणात क्षैतिज आणि उभ्या अक्षांऐवजी (१, १) आणि (१, उणे १) यांच्या रेषा अक्ष म्हणून निवडल्या, तर त्याच रूपांतराची मॅट्रिक्स वेगळी दिसते: कर्णावर ३ आणि १, बाकी दोन्ही जागी ०. चारही संख्या बदलल्या, पण स्वमूल्ये तीच राहिली. कर्णावरच्या संख्यांची बेरीज आधीही ४ होती, आताही ४ आहे. निश्चयक आधीही ३ होता, आताही ३ आहे. स्वमूल्य हे रूपांतराचे स्वतःचे असते. अक्ष कुणी कसेही निवडले तरी ते ढळत नाही, म्हणून तर त्याला 'स्व' म्हणायचे. हे एकदा मनात बसले की 'अक्ष असे निवडा की मॅट्रिक्स कर्णरूप होईल' ही सूचना निव्वळ युक्ती वाटत नाही. रूपांतराच्या स्वतःच्या रेषांनाच अक्ष मानावे, इतका तिचा सरळ अर्थ आहे.

या कल्पनेला नावे अनेक मिळाली, आणि प्रत्येक नावात ती कल्पना कोणत्या कामातून आली त्याची खूण आहे. १८ व्या शतकात ग्रहांच्या कक्षांमध्ये युगानुयुगे होत जाणारे अतिशय मंद बदल मोजताना लाग्रांज आणि लाप्लास या गणितज्ञांसमोर जे समीकरण आले, त्याला 'सेक्युलर समीकरण' म्हणू लागले. त्याची मुळे म्हणजेच आपली स्वमूल्ये. इथल्या 'सेक्युलर'चा धर्मनिरपेक्षतेशी संबंध नाही. लॅटिनमधील 'युग' किंवा 'शतक' या अर्थाच्या शब्दावरून तो आला आहे आणि दीर्घकाळात साचत जाणारा बदल असा त्याचा रोख आहे. १८२९ मध्ये फ्रेंच गणितज्ञ कोशी यांनी दाखवून दिले की, मॅट्रिक्स सममित (कर्णाच्या दोन्ही बाजूंना आरशातल्यासारखी सारखी) असेल तर या समीकरणाची सर्व मुळे वास्तव संख्याच असतात. गंमत म्हणजे 'मॅट्रिक्स' हा शब्द तेव्हा गणितात आलेलाच नव्हता. इंग्रज गणितज्ञ सिल्व्हेस्टर यांनी तो १८५० मध्ये आणला. 'लक्षण' या अर्थाचे विशेषणही कोशी यांच्याकडून आले. आपल्याकडचे 'लाक्षणिक मूल्य' त्याच वळणाचे आहे. पुढे १८८३ मध्ये सिल्व्हेस्टर यांनी 'सुप्त मुळे' असा शब्द सुचवला. पाण्यात जशी वाफ दडलेली असते, तशी ही मूल्ये मॅट्रिक्समध्ये दडलेली असतात, असे त्यांचे स्पष्टीकरण होते. मला हे नाव फार आवडते, जरी ते टिकले नाही.

'आयगेन' हे नाव रूढ झाले ते जर्मन गणितज्ञ हिल्बर्ट यांच्यामुळे. ज्या समीकरणांत अज्ञात फलन (फंक्शन) इंटिग्रलच्या, म्हणजे संकलनाच्या, चिन्हाखाली येते, त्यांच्यावरील १९०४ च्या लेखनात त्यांनी ते वापरले. त्याआधी ध्वनिशास्त्रात हेल्महोल्ट्झ यांनी वस्तूच्या स्वतःच्या नादासाठी असाच 'आयगेन' जोडलेला शब्द वापरला होता, आणि ती पार्श्वभूमी अगदी समर्पक आहे, कारण ताणलेली तार छेडल्यावर ज्या कंपनसंख्या देते त्या तिच्या स्वतःच्याच असतात. इंग्रजीने पुढे हा शब्द अर्धाच उचलला: 'आयगेन' जर्मन, 'व्हॅल्यू' इंग्रजी.

जुने लेखन वाचणाऱ्याने इथे एका बाबतीत सावध राहावे. हिल्बर्ट यांनी समीकरण मांडताना ती अनिश्चित संख्या दुसऱ्या बाजूला ठेवली होती. आपण म्हणतो, रूपांतर केलेले फलन म्हणजे मूळ फलनाची काही पट. ते म्हणत, मूळ फलन म्हणजे रूपांतर केलेल्या फलनाची काही पट. त्यामुळे त्यांचे 'आयगेन मूल्य' हा आपल्या स्वमूल्याचा गुणाकार व्यस्त आहे. एकाच शब्दाचे हे दोन अर्थ एकमेकांवर आदळले की निष्कर्ष उलटे वाटतात: आपल्याकडे ज्या मालिकेतील मूल्ये शून्याकडे जातात, तीच त्यांच्याकडे अमर्याद वाढत जातात. स्वमूल्यांच्या समूहाला 'स्पेक्ट्रम' म्हणजे वर्णपट म्हणण्याची रीतही हिल्बर्ट यांचीच. पुढे १९२६ मध्ये श्रोडिंगर यांनी अणूच्या ऊर्जापातळ्या स्वमूल्ये म्हणून काढून दाखवल्या आणि हायड्रोजनच्या खऱ्याखुऱ्या प्रकाशरेषांचा उलगडा त्यातून झाला, तेव्हा गणितातला वर्णपट आणि प्रयोगशाळेतला वर्णपट एक झाले. शब्द आधी ठरला होता, अर्थ मागाहून येऊन त्यात चपखल बसला. विज्ञानाच्या इतिहासातील इतके सुंदर योग मला फार थोडे माहीत आहेत.

प्रत्येक रूपांतराला स्वतःच्या रेषा असतातच, असे मात्र नाही. प्रतल ९० अंशांतून फिरवले तर एकही सदिश आपल्या रेषेवर राहत नाही. समीकरण सोडवले तर मुळे काल्पनिक, म्हणजे ऋण संख्यांच्या वर्गमुळांची, येतात. वास्तव संख्यांपुरते बोलायचे झाले तर या रूपांतराला स्वमूल्य नाही, आणि संमिश्र (वास्तव आणि काल्पनिक मिळून होणाऱ्या) संख्या घेतल्या तर दोन आहेत. त्यामुळे 'स्वमूल्य आहे का?' या प्रश्नाआधी 'कोणत्या संख्यांमध्ये?' हे सांगावेच लागते. त्रिमितीत चित्र बदलते. तिथे कोणत्याही भ्रमणाला एक अचल अक्ष असतोच, हे ऑयलर यांनी दाखवले होते, आणि तो अक्ष म्हणजे स्वमूल्य १ असलेली स्वरेषा. तिसरा प्रकार म्हणजे पत्त्यांची चवड एका बाजूला सरकवल्यासारखे रूपांतर: पहिल्या ओळीत १ आणि १, दुसऱ्या ओळीत ० आणि १. इथे स्वमूल्य १ दोनदा येते, पण स्वतःची रेषा एकच मिळते. अशा मॅट्रिक्सला कर्णरूप देता येत नाही.

निश्चयकाच्या कृतीबद्दल एक गोष्ट सांगायलाच हवी. तिच्यातून येणारे समीकरण बहुपदीचे असते, आणि मॅट्रिक्स जितकी मोठी तितका तिचा घात मोठा. चारपेक्षा मोठ्या घाताच्या बहुपदींची मुळे देणारे, फक्त बेरीज, वजाबाकी, गुणाकार, भागाकार आणि मूळ काढणे यांवर चालणारे सर्वसाधारण सूत्र असूच शकत नाही, हे आबेल यांनी १८२४ मध्ये सिद्ध केले. मोठ्या मॅट्रिक्सची स्वमूल्ये काढायची तर टप्प्याटप्प्याने जवळ जाणे हाच मार्ग उरतो. संगणकावर सर्वाधिक वापरली जाणारी, क्यू-आर या नावाची पद्धत फ्रान्सिस आणि कुब्लानोव्हस्काया यांनी १९६१ च्या सुमारास एकमेकांपासून स्वतंत्रपणे शोधली. तिच्या मुळाशी आपण मघाशी (१, ०) वर केली तशीच पुनरावृत्ती आहे. इंटरनेटवरील पानांना क्रम देण्यासाठी १९९८ मध्ये मांडलेली पेजरँक ही पद्धतही एका प्रचंड मॅट्रिक्सच्या, स्वमूल्य १ असलेल्या स्वसदिशाचा शोध घेते, आणि तोही पुनरावृत्तीनेच.

व्याख्यान संपल्यावर एका श्रोत्याने विचारले की, स्वमूल्य शून्य आले तर प्रत्यक्षात काय घडते. चारही जागी १ असलेली मॅट्रिक्स घ्या. (१, १) हा (२, २) होतो, म्हणून एक स्वमूल्य २. आता (१, उणे १) घ्या. तो (०, ०) होतो. तो आपली रेषा सोडत नाही, कारण त्याची शून्यपट त्याच रेषेवर, मूळ बिंदूशी आहे. पण त्या रेषेवरचे सगळे सदिश त्या एका बिंदूत बुडतात. (१, ०) आणि (०, १) हे दोन वेगळे सदिश घ्या: दोघांचेही (१, १) होते. हाती (१, १) आला तर तो कुणापासून आला हे सांगता येत नाही, म्हणून हे रूपांतर उलटे करता येत नाही. निश्चयक शून्य येतो तो याचमुळे, कारण निश्चयक म्हणजे सर्व स्वमूल्यांचा गुणाकार, आणि त्यातले एक शून्य आहे.